चार मिनिटांचा कोट

४ फेब्रुवारी

प्रिय मावशी,

तुला आणि काकांना नमस्कार. फोनवर तुझ्याशी बोलणं म्हणजे शिक्षाच. "हो, बरं, जेवलीस का, ठेवते," म्हणतेस आणि खरंच ठेवतेस. म्हणून हे पत्र.

चित्रपट पुरा झाला! एकवीस मिनिटांचा. गेल्या हिवाळ्यात मी पंधरा दिवस कॅमेरा घेऊन तुझ्या पायात घोटाळत होते ना, त्याचं हे फळ. नळावरची रांग आहे, चामड्याच्या कारखान्याची ती लांबच लांब भिंत आहे, पूल आहे. शेजारच्या टाचणीबाईंची लेक नोकरीच्या मुलाखतीला जाते आणि "राहता कुठे?" या प्रश्नाचं उत्तर दिल्यावर "कळवतो" ऐकून परत येते, तेही आहे. आणि मधोमध तू आहेस. दारात बसून रफू करतेस. सलग चार मिनिटं फक्त तुझे हात. माझ्या संकलकानं हे पाहिलं तेव्हा त्याचा चहा गार झाला, तरी त्याला पत्ता नाही. मला म्हणाला, "ही बाई जादूगार आहे का गं?"

आता खरी बातमी. तुमच्याच गावच्या नगरपालिकेच्या सभागृहात बावीस मार्चला तो दाखवणार आहेत! सोबत पाठवलेला बोटाएवढा पेनड्राइव्ह टाचणीबाईंच्या टीव्हीला लाव आणि बघ. मग मला सांग. खरं खरं सांग, माझी मर्जी राखू नकोस.

तुझी,
भिंगरी


१३ फेब्रुवारी

चि. भिंगरीस अनेक आशीर्वाद.

मर्जी राखायला मी काय तुझ्याकडे नोकरीला आहे? बघितला. एकटीनं नाही, आख्ख्या गल्लीनं बघितला. टाचणीच्या खोलीत एवढी माणसं मावतात हे मला आजवर ठाऊक नव्हतं. तुझे काका दारात उभं राहून बघत होते आणि मधेच बाहेर जाऊन नाक शिंकरत होते. सर्दी झालीय म्हणाले. झाली असेल.

पोरी, कुठून शिकलीस हे? त्या कारखान्याच्या भिंतीशेजारून मी तीस वर्षं चालतेय, पण ती इतकी लांब आहे हे मला तुझ्या चित्रपटात कळलं. टाचणीची लेक जिना उतरते तेव्हा तू तिचं तोंड दाखवलं नाहीस, नुसत्या चपला दाखवल्यास. टाचणी, जी नवऱ्याच्या मरणालासुद्धा लोकांसमोर रडली नाही, ती तिथे रडली. मला तुझा फार अभिमान वाटला. तुझी आई असती तर गावभर मिरवली असती. मी फक्त गल्लीभर मिरवते. मी जरा जाड दिसते, पण तो कॅमेऱ्याचा दोष समजते.

आता कान इकडे कर. ती चार मिनिटं काढून टाक.

तुला ठाऊकच आहे की आम्हा आठ जणींना काम पुलापलीकडच्या ड्रायक्लीनच्या दुकानातून येतं. काका सायकलवरून गठ्ठा आणतात, शेठ मागच्या दारानं देतो-घेतो. गिऱ्हाइकांना वाटतं, रफू दुकानातच होतं, आत कुणी कारागीर बसलाय. आपले कपडे पूल ओलांडून आमच्या वस्तीत येतात, आमच्या मांडीवर बसतात, हे त्यांना कळलं तर ते कपडे घालतील का? आपल्या वस्तीवाल्यांच्या अंगाला वास येतो म्हणतात ते लोक. म्हणून तर शेठ परत आलेल्या कपड्याला दोनदा वाफ देतो.

बरं, नुसते हात दिसते तर कुणी ओळखलं नसतं. पण मांडीवर कोट आहे. गडद निळा, शिंगाची बटणं, त्यातलं एक वेगळं. तो मुलींच्या शाळेतल्या मोठ्या बाईंचा आहे. सगळं गाव तो कोट ओळखतं. शिवाय भोक कसलं आहे ते तूच मोठं करून दाखवलंयस. गोल, कडेला करपलेलं, बाहीवर. सिगारेटचं! मोठ्या बाई! आमच्या धंद्यात एकच नियम आहे, कापड कुणाचं आणि भोक कशाचं, ते तोंडातून काढायचं नाही. तो मोडला तर आठ घरांचं काम जाईल.

काढून टाक. आणि एक विचारायचं राहिलं. त्यात तू मागून बोलतेस तेव्हा मला "ही बाई" म्हणतेस. ती काय चित्रपटाची रीत असते?

मावशी


१९ फेब्रुवारी

प्रिय मावशी,

तुझं पत्र वाचताना आधी हसले आणि मग डोकं धरून बसले. तेव्हा मी तुला विचारलं होतं की हा कोट कुणाचा. तू म्हणालीस, "कुणाचा नाही, हात बसावा म्हणून घेतलाय." तीस वर्षं रफू करणारीला हात बसवायचा होता होय? आणि माझा विश्वास बसला!

त्यात भर म्हणजे आज निमंत्रणपत्रिका आली. बावीस तारखेच्या प्रमुख पाहुण्या कोण असतील, सांग बघू. मोठ्या बाई. पहिल्या रांगेत, खुर्चीवर नाव लावून.

म्हणून काढलीच. सोबत नवीन प्रत पाठवतेय, सतरा मिनिटांची. खरं सांगू? मला ती बघवत नाही. तुझं ते करणं मी सात वर्षं बघत मोठी झाले. कोटाच्या आतल्या शिवणीतून धागा ओढून काढायचा, आधी उभे धागे, मग आडवे, एक वर एक खाली. बल्ब लावायचा नाही, कारण बल्बच्या उजेडात निळा काळाच दिसतो. मग ओल्या फडक्यावरून इस्त्री, आणि भोक होतं कुठे ते तुलाही सांगता यायचं नाही. हे जगाला दाखवायचं म्हणून तर मी कॅमेरा हातात घेतला. पण तुमच्या आठ घरांपुढे माझा चित्रपट मोठा नाही.

"ही बाई" म्हणायची रीतच असते. मला सुट्टी मिळत नाहीये, बावीसला यायला जमेलसं वाटत नाही.

तुझी,
भिंगरी


२ मार्च

चि. भिंगरी,

नवीन प्रत बघितली. पुन्हा सगळी जमली होती. संपल्यावर टाचणी म्हणाली (तिची जीभ ठाऊक आहे तुला), "यात आपण काय करतो गं? रांगेत उभं राहतो, चिखलातून चालतो, नोकरी मिळाली नाही की रडतो. म्हणजे झालं? आधीच्यात आपण कोणीतरी होतो. ह्याच्यात नुसते गरीब आहोत."

तिचं बोलणं खरं होतं. वस्तीत चिखल आहे हे पुलापलीकडच्यांना कुणी सांगायला नको. त्यांना ठाऊक नाही ते तेवढंच होतं आणि आपण नेमकं तेवढंच कापलं.

आता माझा गुन्हा कबूल करते. मी खोटं बोलले. त्या दिवशी गठ्ठ्यात साध्या दोन पँटी होत्या. त्यातली एक घेता आली असती. पण मी मुद्दाम तो कोट घेतला. का ते सांगते. आमचं काम जितकं चांगलं तितकं ते दिसत नाही. दिसलं की बिघडलं. तीस वर्षांत मला कुणी "वा" म्हटलं नाही, आणि म्हणणार तरी कसं, वाखाणायला काही दिसतच नाही! तू समोर बसली होतीस, डोळे फाडून बघत होतीस. मला वाटलं, एकदा. एकदाच कुणीतरी माझं अवघडातलं अवघड काम बघू दे. नियम तू मोडला नाहीस, मीच मोडला. म्हातारपणी हौस आली मला.

आम्ही आठ जणी बसलो आणि ठरवलं. दोघी नको म्हणत होत्या, त्यांची भीती खरी आहे, त्यांना कुणी दटावलं नाही. सहा जणी म्हणाल्या, ती चार मिनिटं परत घाल. पण चोरून नाही. ज्याचं कापड त्याला विचारून. मी मोठ्या बाईंच्या घरी जाणार आहे. पुढच्या दारानं.

आणि हो, रीतबीत काही नाही. टाचणीच्या टीव्हीवर आम्हीही बघतो असले चित्रपट. लोक आपल्या आजीला आजी म्हणतात आणि बापाला बाप. तू मला "ही बाई" का म्हटलंस? रागावले नाही. विचारतेय.

मावशी


७ मार्च

मावशी,

तुझं पत्र तीनदा वाचलं. प्रत्येक वेळी तिथपर्यंत येऊन थांबले.

इथे कालपर्यंत कुणाला ठाऊक नव्हतं. कामावर नाही, खोलीतल्या दोघींना नाही. त्यांना वाटायचं की मी कुठल्यातरी चांगल्या घरातली मुलगी आहे आणि धाडस करून त्या वस्तीत गेले. सगळे म्हणतात, "काय हिंमत तुझी, अशा ठिकाणी पंधरा दिवस राहिलीस!" आणि मी मान हलवते. मी तिथे सात वर्षं राहिले, आई गेल्यावर तुझ्या पांघरुणात झोपले, तूच वेणी घातलीस, हे सांगायला माझी जीभ उचलली नाही. सुट्टी मिळत नाही हेही खोटं आहे. मी मागितलीच नाही. तिथे सभागृहात कुणीतरी हाक मारेल, "अगं भिंगरी, तू होय!" आणि माझ्यासोबत आलेले सगळे ऐकतील, याची भीती वाटली.

मी त्या चित्रपटात लोकांच्या मनातल्या घाणीबद्दल बोलते, मावशी. माझी मलाच लाज वाटते.

काल ध्वनिमुद्रणाच्या खोलीत गेले. "ही बाई" सात ठिकाणी होतं. सातही ठिकाणी "माझी मावशी" म्हटलं. पहिल्यांदा आवाज फुटला, तांत्रिक काम बघणारा म्हणाला की परत घेऊया. मी म्हटलं, राहू दे. मग त्यानं विचारलं, "खरंच मावशी आहे?" हो म्हटलं. तो म्हणाला, "त्या बाईचे हात बघून माझ्या आईची आठवण आली होती." एवढंच झालं. एवढ्याची मी भीती धरून बसले होते. रात्री खोलीतल्या दोघींनाही सांगितलं. त्यांतली एक मात्र आज सकाळपासून आपला टॉवेल वेगळा वाळत घालते. घालू दे.

तू मोठ्या बाईंकडे जाऊ नकोस गं. त्या तुला दारातून हाकलतील आणि मला ते सहन व्हायचं नाही.

भिंगरी


१४ मार्च

माझ्या शहाण्या पोरी,

टॉवेल वेगळा वाळतो तर आपला लवकर वाळतो, जागा जास्त मिळते. रडू नकोस. तू "माझी मावशी" म्हटलंस ते मी काकांना वाचून दाखवलं. ते परत नाक शिंकरायला बाहेर गेले.

गेले मी. धुतलेलं लुगडं नेसले, केस चापून बसवले. घंटी वाजवली. मोठ्या बाईंनी स्वतः दार उघडलं आणि मी तोंड उघडायच्या आत म्हणाल्या, "भांड्याला बाई आहे आमच्याकडे."

मी म्हटलं, "भांड्यासाठी नाही आले. आपल्या निळ्या कोटासाठी आले."

मग सगळं सांगितलं. त्यांचा विश्वास बसेना. "तो दुकानात नीट होतो. तिथे कारागीर आहे." म्हटलं, "तो कारागीर मीच. कोट आणा, दाखवते." काय वाटलं कोण जाणे, आणला. दारातच त्यांनी बाही उलटसुलट केली, चष्मा लावला, चष्मा काढला. भोक कुठे होतं ते त्यांना सापडेना. मी बोट ठेवलं. त्यांनी नखानं खरवडून पाहिलं, तरी काही लागेना हाताला. क्षणभर त्यांच्या तोंडावर असं काही आलं की मला वाटलं, आता "वा" म्हणतात.

पण त्या म्हणाल्या, "म्हणजे हा कोट तुमच्या घरात होता? किती दिवस?"

"तीन," मी म्हटलं.

कोट त्यांच्या हातात होता, तो त्यांनी जरा लांब धरला. मुद्दाम नाही केलं, हात आपोआप गेला. त्यांनाही ते दिसलं आणि मलाही दिसलं. आम्ही दोघी त्या हाताकडे बघत राहिलो. मग मी चित्रपटाचं सांगितलं, भोक दिसतं तेही सांगितलं. त्या लालबुंद झाल्या. "विचार करते," म्हणाल्या आणि दार लावलं. आपटलं नाही, लावलं.

अजून निरोप नाही. त्यांनी हो म्हटल्याशिवाय ती चार मिनिटं लावायची नाहीत. तू दोन्ही प्रती पाठव.

मावशी


१७ मार्च

प्रिय मावशी,

दोन्ही प्रती पाठवतेय. लाल दोरीची एकवीस मिनिटांची, पांढऱ्या दोरीची सतरा. दोन्हींत तू माझी मावशी आहेस. आता सुट्टी मागितली तर साहेब खरोखरच नाही म्हणाले. भोगते आहे. जे ठरवशील ते मला मान्य. त्या दारात उभी राहिलेली तू माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाहीस. एवढी हिंमत मी शंभर चित्रपटांत आणू शकणार नाही.

भिंगरी


२४ मार्च

चि. भिंगरी,

आधी सांगून टाकते, लाल दोरीची लावली.

सकाळपर्यंत निरोप नव्हता. आम्ही सहा जणी लवकर जाऊन सभागृहाच्या दारात उभ्या राहिलो, दोन्ही प्रती माझ्या पिशवीत. मोठ्या बाई रिक्षातून उतरल्या. बाकीचे हार घेऊन पुढे धावले, पण त्या सरळ माझ्याकडे आल्या.

"भोक दिसतं का?" त्यांनी विचारलं.

"दिसतं."

"आणि नंतर?"

"नंतर दिसत नाही."

"मग लावा," म्हणाल्या आणि आत गेल्या.

आम्ही मागच्या रांगेत बसलो. ती चार मिनिटं सुरू झाली. कोट ओळखला लोकांनी, कुजबूज झाली. भोक मोठं झालं तेव्हा कुणीतरी फिस्सकन हसलं. मग माझे हात चालू झाले आणि हळूहळू सगळे गप्प झाले. शेवटी बाहीवरून इस्त्री फिरते आणि तिथे काहीच उरत नाही, तेव्हा पुढच्या रांगेतला एक म्हातारा मोठ्यानं म्हणाला, "वा!"

भिंगरी, तीस वर्षं थांबले होते मी. ते ऐकून मला काय वाटलं ते लिहिता येत नाही. टाचणीनं माझा हात एवढा दाबला की अजून दुखतोय.

मग मोठ्या बाईंना बोलायला उभं केलं. त्या म्हणाल्या, "कोट माझा आहे. आणि भोकही माझंच आहे." सभागृह हसलं, त्याही हसल्या. "ही बाई माझ्या दारात आली तेव्हा मी तिला आत या म्हटलं नाही. मी पस्तीस वर्षं मुलींना शिकवते आहे." एवढं बोलून त्या खाली बसल्या. कुणाला कळेना, टाळ्या वाजवायच्या की नाही. मला तर त्यांची कमाल वाटली. गावासमोर हे बोलायला छाती लागते.

शेठही आला होता. जाताना माझ्याकडे न बघता म्हणाला, "उद्यापासून सायकल पाठवू नका."

मावशी


२ एप्रिल

प्रिय मावशी,

त्या "वा" साठी मी त्या अनोळखी म्हाताऱ्याच्या पाया पडायला तयार आहे. पण शेवटची ओळ वाचून जेवण गेलं नाही. काम सुरू झालं का? आठही घरांचं कसं चाललंय? नको म्हणणाऱ्या त्या दोघी काय म्हणतात? माझ्यामुळे हे झालं असं वाटत राहतं. लगेच लिही, नाहीतर मी फोन करीन आणि तुला बोलावं लागेल.

भिंगरी


२१ एप्रिल

चि. भिंगरी,

तुझ्यामुळे काही झालं नाही. जे झालं ते आम्ही केलं, त्याचं श्रेय तू घेऊ नकोस.

सत्तावीस दिवस सायकल रिकामी होती. तीन गिऱ्हाइकांनी शेठकडून कपडे परत नेले, एकीनं तर दुकानातच कोट हुंगून पाहिला. त्या दोघी माझ्याशी बोलत नव्हत्या. त्यांचं बरोबर होतं, मी ऐकून घेतलं. टाचणीनं कारखान्यात झाडायचं काम धरलं. मलाही एका संध्याकाळी वाटलं की ही कसली हौस केलीस बये.

तिकडे शेठनं दुसऱ्या गावाहून कारागीर आणला. त्यानं एका डॉक्टरांच्या पँटीला असं काही केलं की डॉक्टर म्हणाले, भोक परवडलं असतं. मग लोक विचारायला लागले, "त्या चित्रपटातल्या बायका कुठे आहेत? त्यांच्याकडूनच करून द्या." कपडे साचले. शेवटी परवा शेठ स्वतः पूल ओलांडून आला, नवे बूट चिखलात, खांद्यावर गठ्ठा. म्हणाला, "झालं गेलं विसरा. पहिल्यासारखं चालू करू. मागचं दार आहेच."

मी गठ्ठा घेतला नाही. हात शिवशिवत होते, तरी घेतला नाही. म्हटलं, "शेठ, मागच्या दारानं आता नाही. तुमच्या दुकानाला पुढे मोठी काच आहे, तिथे उजेड चांगला येतो. तिथे बसून करू, दोघी-दोघी, पाळीपाळीनं. ज्याला आमच्या हातचं नको, त्यानं आमच्याकडे बघून परत जावं." तो अर्धा तास घाम पुसत होता. मग हो म्हणाला. त्या दोघी काचेत बसणार नाहीत, घरीच करतील. त्यांचंही चालेल.

आज पहिला दिवस. मी आणि टाचणी. काचेसमोर ही गर्दी! शाळेतल्या मुली, भाजीवाली, रिक्षावाले, आणि नाक मुरडून बघणाऱ्याही होत्या. आतापर्यंत काम करताना समोर बसून मला फक्त तू बघितलं होतंस. तीस वर्षं केलेलं काम, डोळे मिटूनही जमलं असतं गं. पण पहिलाच टाका चुकला. दिसला सगळ्यांना.

मग मी तो उसवला आणि पुन्हा घातला. सगळ्यांच्या समोर.

तुझी मावशी